रोजचं फक्त एक मापटं

रेणुमती नगरीवर उग्रदत्त राजाचा अंमल होता, त्या काळी बोधिसत्त्वाने एका दवंडीवाल्याच्या घरी जन्म घेतला होता. त्याचे नाव सुघोष. बापाच्या माघारी ढोल त्याच्या गळ्यात आला, आणि ढोलाबरोबर ढोलाचे नियमही आले. हे नियम राजाच्या घराण्याहून जुने होते. ढोल वाजवून जे विकायचे त्याची किंमत पुरती सांगायची, हातचे काही राखायचे नाही. दवंडी एकदा सुरू झाली की मालकाला वस्तू मागे घेता येत नसे, आणि आपल्याच मालावर बोलीही लावता येत नसे. बोली तीनदा पुकारायची; वरचढ कोणी बोलले नाही तर वस्तू त्या बोलणाऱ्याची. नगरीत दवंडी देणारा सुघोष एकटाच होता, आणि त्याच्या शब्दावर लोक न पाहता म्हैस विकत घेत.

पण एवढ्या चोख माणसाचे एक विचारायचे राहून गेले होते. लग्नानंतर घर बांधण्यासाठी त्याने वसुभाग श्रेष्ठीकडून कर्ज घेतले. हा वसुभाग नगरीतला सर्वांत मोठा सावकार. त्याचा कारकून गोड बोलणारा होता. "रोजचं फक्त एक मापटं तांदूळ," तो म्हणाला, "एवढं तर चिमण्याही सांडतात." सुघोषने अंगठा दिला. दुसऱ्याच्या मालाची किंमत खोदून खोदून विचारणाऱ्या या माणसाने स्वतःच्या घरासाठी हे मापटे किती दिवस द्यायचे, ते विचारलेच नाही. घराची हौस आली की जमिनीआधी माणसाची अक्कल गहाण पडते.

दहा वर्षे गेली. रोज संध्याकाळी श्रेष्ठीचा माणूस पोते घेऊन दारात येई आणि सुघोषची बायको सुयामा त्यात मापटे ओती. पोरांच्या पानात कधी कमी पडले, मापट्यात कधी पडले नाही.

अकराव्या वर्षी नदीला पूर आला आणि काठावरचा कुंभारवाडा वाहून गेला. माणसे वाचली, घरे गेली. वसुभागाने नदीपलीकडे उंचावर जमीन घेतली, घरांच्या ओळी उभ्या केल्या आणि सुघोषला बोलावणे पाठवले.

"उद्या बाजारात दवंडी दे," तो म्हणाला. "कुंभारांसाठी घरं. रोजचं फक्त एक मापटं."

"किती दिवस, श्रेष्ठी?"

"ते दवंडीत नको."

"पुरती किंमत सांगितल्याशिवाय ढोल वाजत नाही. आपल्याला ठाऊक आहे."

वसुभाग खोटे बोलणारा माणूस नव्हता. खोटे बोलायची त्याला गरजच पडत नसे, कारण त्याला कोणी काही विचारत नसे. त्याने सरळ सांगितले, "तीस वर्षं."

सुघोष म्हणाला, "असं घर आठ वर्षांच्या मापट्यांत उभं राहतं. वरची बावीस वर्षं कशाची?"

"माझे तांदूळ तेवढा काळ तुमच्याकडे अडकतात, त्याची. व्याज म्हणतात त्याला."

"माझी तर दहा वर्षं भरून झाली. माझं आता किती उरलं?"

"साडेसात वर्षांच्या तांदळाचं."

आपण चुकीचे ऐकले असे सुघोषला वाटले. "आठ वर्षांचं कर्ज, दहा वर्षं भरलं, आणि उतरलं सहा महिन्यांचं?"

"तू देतोस त्यातून आधी व्याज कापलं जातं," वसुभाग म्हणाला. लहान मुलाला समजवावे तसा त्याचा आवाज शांत होता. "उरेल ते मुदलात. सुरुवातीला उरतं चिमूटभर. मुद्दल हलत नाही म्हणून व्याजही हलत नाही. शेवटी शेवटी भराभर उतरतं, पण तोवर माणूस म्हातारा होतो."

"आणि मी रोज दीड मापटं दिलं असतं तर?"

"तर वरचं अर्धं सगळंच्या सगळं मुदलात गेलं असतं. दहा वर्षं पुरी व्हायच्या आत घर तुझं झालं असतं." वसुभाग हसला. "पण हे मी आपणहून का सांगावं? तू विचारलंस का कधी?"

सुघोषला राग आला. बोधिसत्त्वाला राग येत नाही असे कोणी सांगत असेल, तर त्याने या जन्माची गोष्ट ऐकलेली नाही. त्याला श्रेष्ठीचा राग आला आणि त्याहून जास्त स्वतःचा आला, कारण श्रेष्ठी म्हणत होता ते खरे होते.

वसुभागाने ते ओळखले. "डोक्यात राख घालून घेऊ नकोस," तो म्हणाला. "उद्या मी सांगतो तेवढीच दवंडी दे. तुझं उरलेलं सगळं मी सोडून दिलं. घर उद्यापासून तुझं. आणि नाही दिलीस, तर उरलेलं एकदम मागायचा मला हक्क आहे. तुझ्याच अंगठ्याने दिलेला. तोही उद्याच बजावीन."

सुघोष घरी आला तेव्हा सुयामा सुपात तांदूळ निवडत होती. त्याने तिला सगळे सांगितले. साडेसात वर्षे हे शब्द ऐकल्यावर तिचा हात थांबला.

"दहा वर्षं मी पोरांच्या तोंडचं काढून त्या पोत्यात ओतलं," ती म्हणाली. "या भिंती मी माझ्या हातांनी सारवल्या. माझं मत विचाराल तर घर घ्या. कुंभारांना तोंड आहे, त्यांनी विचारावं." थोड्या वेळाने ती पुन्हा सूप पाखडू लागली. "पण तुम्ही मला विचारत नाही आहात. सांगताय."

सुघोष विचारायला आला नव्हता, हे त्यालाही तेव्हाच कळले.

दुसऱ्या दिवशी बाजार फुलला होता. सगळा कुंभारवाडा जमला होता. पुढे पिंगल नावाचा तरुण कुंभार नव्या नवरीला घेऊन उभा होता. पूर आला तेव्हा त्यांच्या लग्नाला महिनाही झाला नव्हता, आणि दोघे तेव्हापासून लोकांच्या ओट्यावर निजत होते. श्रेष्ठीचा कारकून शाई घेऊन बसला होता, आणि पिंगलचा अंगठा दवंडीच्या आधीच पुढे झाला होता.

सुघोषने ढोल वाजवला. "ऐका हो ऐका. वसुभाग श्रेष्ठी नदीपलीकडे घरं देत आहेत. रोजचं एक मापटं तांदूळ." कारकुनाने समाधानाने मान डोलावली. "रोजचं एक मापटं, तीस वर्षं. आठ वर्षांच्या तांदळाचं घर, त्याला तीस वर्षांचे तांदूळ. दहा वर्षं भराल तेव्हा कर्ज सहा महिन्यांचं उतरेल. मी दहा भरली आहेत, माझी साडेसात उरली आहेत. ही पुरती किंमत आहे. ज्याला परवडेल त्याने घ्यावं."

पिंगलने अंगठा मुठीत मिटून घेतला.

श्रेष्ठीच्या माणसांनी सुघोषला गराडा घातला. एकाने सुरा काढून ढोलाचे चामडे उभे फाडले. सुघोष त्या फाटक्या ढोलाकडे पाहत उभा असताना गर्दी बाजूला झाली आणि सुयामा पुढे आली. तिच्या डोक्यावर संसाराचे गाठोडे होते आणि मागे दोन्ही पोरे भांडी घेऊन चालत होती. नवरा काय करणार हे तिला त्याच्याआधी ठाऊक होते, आणि तिने सकाळीच सामान बांधायला घेतले होते. तिने गाठोडे खाली ठेवून सोडले, त्यातून परात काढली आणि त्याच्या हातात दिली.

"घ्या," ती म्हणाली. "घर तर गेलंच. आता आवाज कशाला घालवता?"

सुघोषने परात बडवली. ढोल घुमतो, परात नुसती किंचाळते, पण दूर ऐकू जाते. त्याने तीच दवंडी पुन्हा दिली आणि दीड मापट्याचे जे कळले होते तेही सांगून टाकले.

वसुभाग राजाकडे गेला. "महाराज, या दवंडीवाल्याने माझा धंदा बुडवला."

"खोटं काय बोलला?" राजाने विचारले.

जन्मभर खोटे न बोलण्याचा वसुभागाला त्या दिवशी पहिल्यांदा तोटा झाला. "खोटं काही नाही," तो म्हणाला.

राजा उग्रदत्त श्रेष्ठीला दुखवू इच्छित नव्हता, आणि ढोलाला हात लावायचे त्याला धैर्य नव्हते. त्याने दोघांनाही त्यांचे त्यांचे माप दिले. "याने नियम पाळला, म्हणून याला दंड नाही. करारही याच्याच अंगठ्याचा आहे, तेव्हा घर तू घे. पण जप्त झालेलं घर दवंडीनेच विकायचं, हाही नियमच आहे. विकून जे येईल त्यात याचं कर्ज फिटलं."

वसुभाग खूश झाला. घर बाजाराला लागून होते. दहा वर्षांचे तांदूळ सहज येतील असा त्याचा अंदाज होता. नदीपलीकडची घरे मात्र रिकामी पडून होती. शेवटी पिंगल आणि बाकीचे कुंभार त्याच्याकडे गेले. रोज दीड मापटे देऊ, वरचे सगळे मुदलात टाकीन असे चारचौघांत कबूल कर, तरच अंगठे देऊ, असे त्यांनी सांगितले. रिकाम्या घराचे व्याज येत नाही, म्हणून तो कबूल झाला.

सुघोषचे बिऱ्हाड धर्मशाळेच्या ओवरीत होते. चांभाराने पैसे न घेता ढोलाला नवे चामडे चढवून दिले होते. जप्तीच्या घराची दवंडी द्यायचा दिवस आला, आणि नगरीत दवंडी देणारा दुसरा कोणी नसल्यामुळे स्वतःच्या घराच्या दारात उभे राहून ते विकायची पाळी त्याच्यावरच आली. ज्या उंबऱ्यावर त्याची पोरे चालायला शिकली, त्याच्याकडे त्याने पाठ केली आणि ढोल वाजवला.

"वसुभाग श्रेष्ठींचं घर विकायचं आहे. आठ वर्षांच्या मापट्यांचं घर. याच घरापायी याआधी दहा वर्षांची मापटी भरून झाली आहेत. बोला."

कोणी बोलले नाही. चार सोनार पैसे बांधून आले होते. त्यांनी एकदा गर्दीकडे पाहिले आणि ते आपापल्या पायांची बोटे पाहू लागले.

"थांब," वसुभाग म्हणाला. "उद्या पाहू."

"दवंडी सुरू झाली आहे, श्रेष्ठी," सुघोष म्हणाला.

तेव्हा सुयामा पुढे झाली. तिच्या हातात तेच जुने मापटे होते, ज्याने तिने दहा वर्षे पोते भरले होते. "एक मापटं," ती म्हणाली.

सुघोषचा हात ढोलावरच थांबला. तिने त्याला आधी काही बोलून दाखवले नव्हते. आज तीही त्याला विचारत नव्हती, सांगत होती. पण नियम तो नियम, आणि विचारणे हे त्याचे काम होते.

"किती दिवस?" त्याने विचारले.

"एक दिवस. आजचा."

"एक मापटं, एक दिवस," सुघोषने पुकारले. त्याने ते दुसऱ्यांदा पुकारले. पिंगल कुंभार सगळ्यांच्या पुढे ओठ घट्ट मिटून उभा होता, आणि त्याच्यामागे सगळी नगरी तशीच उभी होती. श्रेष्ठीने कारकुनाकडे पाहिले. कारकून आभाळाकडे पाहत होता. सुघोषने तिसऱ्यांदा पुकारले आणि ढोलावर शेवटची थाप दिली.

सुयामाने कारकुनाच्या पोत्यात तांदूळ ओतले. मापटे शीग लावून भरलेले होते. "मोजून घ्या," ती त्याला म्हणाली. "एवढं तर चिमण्याही सांडतात." मग तिने पोरांना हाक मारली आणि चूल पेटवायला आत गेली.

याला कोणी अन्याय म्हणेल. म्हणणाऱ्याने आधी दहा वर्षांचे तांदूळ मोजून यावे.

ही कथा भगवंतांनी श्रावस्तीत सांगितली, नंदिय नावाच्या उपासकाच्या नव्या घराच्या ओट्यावर बसून. नंदियाने भिक्षुसंघाला जेवायला बोलावले होते. त्याने हौसेने सगळे घर फिरून दाखवले, आणि हे सगळे रोजच्या फक्त एका मापट्यात झाले, असे ज्याला त्याला सांगितले. त्याला कर्ज देणारा कालक सावकारही पंगतीला होता.

कथा संपवून भगवान म्हणाले, "त्या वेळचा राजा म्हणजे आताचा भिक्षू आनंद. सुयामा ती राहुलची आई. सुघोष तो मीच. वसुभाग श्रेष्ठी आज कालक या नावाने इथे बसला आहे. तो तेव्हाही खोटं बोलत नव्हता, आजही विचारलं तर खरंच सांगेल. आणि सगळ्यांच्या पुढे ओठ मिटून उभा होता तो पिंगल कुंभार म्हणजे तू, नंदिया. त्या दिवशी गप्प राहिलास ते चांगलं केलंस. आज गप्प राहू नकोस."

नंदिय उठला. कालक घाईघाईने हात धुवायला निघाला होता. सगळ्या संघासमोर नंदियाने त्याला अडवले आणि विचारले, "किती दिवस?"

सत्य पुरते सांगणे आणि सत्य पुरते मागणे, या दोन्हींना मिळून सत्यपारमिता म्हणतात.