कान फाडलेला बोकड

“देवाला दिलेलं परत मागायचं?”

या प्रश्नाच्या आधी त्या दोघांत काय बोलणं झालं, ते ऐकायला कुणी नव्हतं. मठाच्या ओट्यावर त्या सकाळी दोघंच होती : डोंगरमाथ्यावरच्या मठाचे वृद्ध कानफाटे गुरू रेवणनाथ आणि त्यांची शिष्या सगुणा आखाडे. पुढचं सगुणेने स्वतः सांगितलं, आणि सांगताना आवाज खाली केला नाही.

“मागायचं,” रेवणनाथ म्हणाले.

तो डोंगर अभयारण्यात मोडतो. बोकड हा काही तिथला प्राणी नव्हे. पण नवस फेडताना मठात बोकडाचा कान फाडून त्याला माथ्यावर सोडून द्यायचं, ही पायथ्याच्या वाड्यांची रीत. अशा जनावराला कुणी हात लावत नाही. आधी बोकड सोडले, मग शेळ्याही. आता तिथे रानटी झालेला कळप आहे. कड्याच्या कपारींत उगवणारी आणि इतरत्र कुठेही न सापडणारी फुलं त्याने मुळापर्यंत खाल्ली आहेत. कळप खाली न्यायला रेवणनाथांनी वनखात्याला होकार दिला होता. कळपाच्या पुढे चालतो तो सगुणेने नवसाला सोडलेला बोकड. तिच्या हाकेला तो अजून येतो, आणि त्याच्यामागे बाकीचे; म्हणून हाक तिनेच मारायची होती.

“वनखात्याने तुम्हाला काय पाजलं, बाबा?”

“चहा. साखर कमी होती.”

सगुणा हसली नाही.

“माझी कुंदन तापाने फणफणली होती. डॉक्टरांनी हात टेकले. मी बोकड सोडला आणि पोर उठून बसली. तो वर आहे तोवर ती आहे.”

“हे तुला कुणी सांगितलं?”

“तुम्ही.”



“सांगितलं खरं.”

“मग आता शब्द फिरवू नका. मी हाक मारणार नाही. जाळी आणू देत, बंदुका आणू देत, मी वाटेत बसेन.”

“बस. पण बोकड तुझा होता. फुलं कुणाची होती?”

“फुलांपायी पोर पणाला लावू?”

रेवणनाथांनी दोन्ही हात उजव्या कानाकडे नेले. नाथपंथी जिवंतपणी कुंडल उतरवत नाही, हे सगुणेला ठाऊक होतं.

“बाबा, नको…”

त्यांनी कुंडल काढून तिच्या तळहातावर ठेवलं. कानाच्या मधोमध बोट जाईल एवढी चीर होती.

“बोकडाचा कान फाडतात ती सुरी पाहिलीस ना? तिनेच. सात वर्षांचा होतो. धाकट्या भावाला देवी आल्या होत्या. आईने मला इथे सोडलं.”

“भाऊ वाचला?”

“वाचला. नातवंडं पाहून गेला.”

“बघा!” सगुणा ताडकन उभी राहिली. “म्हणजे नवस फळतो!”

“फळला.”

“मग तुमची आई चुकली म्हणता?”

रेवणनाथांनी कड्याकडे पाहिलं.

“तिने मला कधी परत मागितलं नाही. देवाने दिलं असतं की नाही… ते मला अजून कळलेलं नाही.”