उग्रतारा राणी आणि लेकीचा हौद

एका राज्यात घरोघरी हौद होते. कुणाच्या अंगणात दगडी डोण, कुणाच्या पडवीत तांब्याचं घंगाळ, राजाच्या महालात चिरेबंदी हौद. आणि प्रत्येकात शोभेचे मासे. लग्न ठरवताना तिथं मुलीचा रंग कुणी विचारत नसे, तिच्या हौदातल्या पाण्याचा रंग विचारत. माशांना त्या राज्यात कुणी खात नसे. माशांवरून माणसं मात्र एकमेकांना खात.

त्या राज्याची राणी उग्रतारा. तिच्या हौदातल्या सोनमाशांची शेपटी अशी, की पाण्यात कुणी रेशमी पातळ सोडून धरलंय. असे मासे वाढवणं तिला कुणी शिकवलं नव्हतं. किती विणी मेल्या, तेव्हा एक जगली. आणि ती का जगली हे राणीनं पाण्यात बोट बुडवून, जिभेवर थेंब घेऊन स्वतः शोधून काढलं. पंडित आले, तर ती म्हणे, "पोथी बाजूला ठेवा नि बाह्या वर करा." पंडित परत जात.

राणीला एकच लेक, पयोष्णी. आईच्या पदराला धरून तीही हौदाशी वाढली. वयात आल्यावर तिनं आपल्या चौकात आपला हौद बांधून घेतला. राणीनंच त्यात पहिलं पाणी ओतलं. तिथवर सगळं बरं होतं.

दर वर्षी जलपौर्णिमेला सगळ्यांनी आपला उत्तम मासा घागरीतून दरबारात आणायचा, अशी रीत होती. ज्याचा मासा सरस, त्याची घागर सिंहासनाशेजारी मांडायची. ती जागा इतकी वर्षं राणीची होती की फरशीवर तिच्या घागरीचं वर्तुळ उमटलं होतं. त्या वर्षी पयोष्णीनं घागरीवरचं फडकं काढलं. आत दुधासारखा पांढरा मासा, कपाळावर कुंकवाचा टिळा, आणि शेपटी एवढी घोळदार की मासा वळला तरी शेपटी मागून सावकाश वळत होती. दरबार असा काही गरजला की खांबांवरची कबुतरं उडाली.

राजा सोमकेतू भोळा. तो राणीकडे वळून म्हणाला, "लेकीनं आईवर ताण केली हो!"

राणी हसली. हसताना तिनं अंगठीचा खडा तळहातात इतका दाबला की रक्त आलं. परक्यानं हरवलं असतं तर तिनं वर्षभर त्याला शिव्या दिल्या असत्या आणि मोकळी झाली असती. पोटच्या पोरीला शिव्या तरी काय द्यायच्या? मत्सराला बाहेर पडायला वाट मिळाली नाही, तो आतच विणीला बसला.

महालाच्या कमानीवर एक खंड्या राहत असे. निळा, देखणा, आणि माणसासारखा बोलणारा. तो म्हणाला, "राणीसरकार, एवढं मनाला लावून घेऊ नका. लोक म्हणतात, म्हातारीचे मासे आता जरा थकले. लोकांना काय, जीभ आहे."

"कोण म्हणतं?"

"सगळेच. बारवेच्या तळाशी जलजोगीण राहते. तिच्याकडे यावर उपाय आहे."

राणी भर दुपारी बारवेच्या पायऱ्या उतरली. पाणी बाजूला झालं. तळाशी जोगीण शंख घाशीत बसली होती.

"काय हवं ग, बाई?"

"माझे मासे लेकीच्या माशांहून सरस हवेत."

"कुणाचं वाढवणं माझ्या हाती नाही," जोगीण म्हणाली. "कमी करणं आहे. तीन खेपा लेकीच्या हौदावर घाव घाल. तिसरा पुरा झाला की या राज्यात तुझ्या माशांसमोर दुसरा मासा उरणार नाही. मात्र दर खेपेला तुझ्यातलं काहीतरी पाणी घेईल."

"काय घेईल?"

"त्याला आवडेल ते."

"घेऊ दे," राणी म्हणाली. घासाघीस करणं तिच्या रक्तात नव्हतं.

पहिली खेप. पयोष्णीच्या हौदात नुकतीच फुटलेली पिलं होती, पापणीच्या केसाएवढी. पाणी मेंदीसारखं हिरवं. नवख्याला ती घाण वाटेल. पण ते हिरवं पाणी म्हणजे पिलांचं दूध, ही गोष्ट राज्यात सगळ्यांत आधी कळली होती ती उग्रतारेला. पयोष्णी वडिलांबरोबर देवदर्शनाला गेली, आणि राणीनं दासी बोलावल्या. "ठकू, राख घे, काथ्या घे. हौद आरशासारखा कर."

"पण बाईसाहेब, पिलं?"

"घाणीत वाढवायचं का माझ्या नातवंडांना?"

पयोष्णी परतली तेव्हा हौदात आभाळ दिसत होतं, आणि तळाशी पिलं निजली होती, न उठण्यासाठी. तिनं आईकडे पाहिलं. राणी म्हणाली, "स्वच्छ करून घेतला ग. आईच्या जिवाला राहवत नाही." लेकीनं बाह्या वर केल्या आणि हौदात उतरली.

त्या संध्याकाळी राणी आरशासमोर बसली, तर तिच्या डोळ्यांवर पापण्या नव्हत्या. पाण्यानं त्या घेतल्या होत्या. आता डोळे मिटेनात. जे बघायचं नाही तेही दिसत राही: लेकीच्या चौकाकडे जाणारे लोक, त्यांच्या हातची फुलं, त्यांचं परतताना हसणं.

दुसरी खेप. ऋतू आला, आणि पयोष्णीच्या नर माशांच्या गालांवर पांढरे दाणे उठले, बारीक मोत्यांसारखे. नर विणीला तयार झाला की ते उठतात, हंगाम सरला की जातात. राणी दरबारात उभी राहून म्हणाली, "महाराज, लेकीच्या माशांना देवी आल्यात. साथ पसरली तर राज्यात मासा उरणार नाही. फोड असलेला प्रत्येक मासा नदीत सोडा."

पयोष्णी पुढे आली. "आई, हे फोड नाहीत. हे मोती आहेत. मी लहान होते तेव्हा मला कडेवर घेऊन तूच दाखवलेस. म्हणालीस, नवरदेवानं मुंडावळ्या बांधल्यात बघ."

दरबार राणीकडे पाहू लागला. पापण्या नसलेले तिचे डोळे हलले नाहीत.

"मी? मला आठवत नाही."

राणीच्या शब्दापुढे राजा कधी गेला नव्हता. मासे टोपल्यांत भरून नदीत सोडले. हौदात एकच नर उरला, तो कपाळी टिळा असलेला. त्याच्या गालांवर अजून मोती उठले नव्हते. राणीनं खंड्याला "झालं का समाधान?" असं विचारायला तोंड उघडलं, तर आवाज नाही. नुसते ओठ उघडले, मिटले, उघडले. जिनं खोटं बोलायला वापरला, तिचा आवाज पाण्यानं ठेवून घेतला.

खंड्या म्हणाला, "आता एकच खेप. माघार घेऊ नका. एवढं देऊन बसलात, ते फुकट जाईल."

तिसरी खेप. टिळेवाल्या नराच्या गालांवर मोती आले आणि पयोष्णीनं त्याच्यासोबत सोनेरी मादी सोडली. पाण्यात काथ्याचे झुपके बांधले. पहाट फुटताना पाणी उसळलं, झुपक्यांवर मोहरीएवढी अंडी चिकटली, मधाच्या थेंबासारखी पारदर्शक. आता या घडीला काय करायचं ते हौदवाल्यांची पोरंसुद्धा जाणतात: आईबापांना ताबडतोब उचलायचं. कारण मासा अंडी घालतो, वळतो, आणि भूक लागली की तीच अंडी खातो. आपली-परकी त्याला कळत नाही.

पयोष्णी जाळी आणायला खोलीत गेली. राणीनं बाहेरून कडी घातली.

"आई! आई, दार उघड! ती खातील ग सगळी!"

राणी हौदाच्या काठावर जाऊन उभी राहिली. बघायचं होतं तिला. नर वळला, मादी वळली, पहिलं अंडं गेलं. आणि राणीच्या पायांखालची फरशी गेली, कारण पायच गेले. हात गेले. नेसलेलं पातळ पाण्यावर पसरलं आणि तिच्या अंगाला चिकटून शेपटी झालं. उग्रतारा राणी लेकीच्या हौदात मासा झाली. मोठी, काळी, बिनपापण्यांची.

खंड्या काठावर उतरला. "शाब्बास! आता शेवटचं. ही सगळी अंडी खा. खाल्लीस की पुन्हा राणी होशील, पापण्या मिळतील, आवाज मिळेल, आणि तुझ्या माशांपुढे कुणाचा मासा नसेल. जोगीण शब्दाची पक्की आहे."

राणीला भूक लागली. आयुष्यात कधी लागली नव्हती अशी. पोटात नाही, सगळ्या अंगात. झुपका तोंडासमोर होता. एवढंसं अंडं, आत काहीच दिसत नव्हतं, नुसता उजेड. यातून काय निघेल? टिळ्याचा निघेल, की त्याहून सरस? हा प्रश्न तिला हौदवाली म्हणून पडला. जन्मभर प्रत्येक विणीला पडत आला होता. आणि उत्तर बघितल्याशिवाय ते गिळणं तिला जमेना.

दुसरीकडे नर-मादी खातच होती. राणी त्यांच्या अंगावर धावून गेली. एकाला शेपटीचा तडाखा, दुसरीला डोक्याची धडक, असं करत तिनं दोघांना कोपऱ्यात कोंडलं. मग थांबली. झुपके पुन्हा समोर. भूक आणखी वाढलेली. दुसऱ्यांना हाकलणं सोपं होतं. तिला स्वतःला कोण हाकलणार?

"खा!" खंड्या ओरडला. "वेडी! मासा होऊन मरशील!"

राणी तळाशी गेली, अंग आवळलं, आणि सगळ्या ताकदीनं वर आली. हौदाबाहेर उडी घेतली. कोरड्या फरशीवर धप्पकन पडली आणि तडफडू लागली.

आरडाओरडा ऐकून ठकूनं कडी काढली होती. पयोष्णी धावत आली. समोर फरशीवर काळा मासा कल्ले उघडत होता. तिनं तो आधी कुणाचा, कुठला, हे पाहिलं नाही, ओंजळीत घेतला. ओंजळ भरली, मग मांडी भरली, मग मांडीवर ओलीचिंब आई होती.

"आई? तू?"

उग्रतारेचा आवाज घसा फाडून आला. "त्या दोघांना आधी उचल. मग माझ्यावर ओरड."

लेकीनं जाळी मारली. नर घंगाळात, मादी घंगाळात. झुपक्यांवर निम्मी अंडी उरली होती. मग राणीनं सगळं सांगितलं: राख, मोती, कडी. पयोष्णीनं ऐकून घेतलं.

"माझी पिलं मारलीस."

"हो."

"दरबारात मला खोटं पाडलंस."

"हो."

"मी तुला आज क्षमा करणार नाही."

"करू नकोस. आज फार काम आहे."

खंड्या काहीतरी बोलायला गेला, पण चोचीतून नुसतं चिरचिर आलं, आणि त्या दिवसापासून तो इतर खंड्यांसारखाच आहे. बारवेचं पाणी परत मिटलं. शिंपले काढायला उतरणाऱ्यांना तळाशी कुणी भेटत नाही. राणी दरबारात उभी राहून म्हणाली, "ते मोती होते. मी खोटं बोलले." राजानं कोळी लावून नदीतले मासे शोधून आणवले. जेवढे सापडले तेवढे सापडले. आणि त्या दिवशी राणीनं डोळे मिटले ते दुसऱ्या दिवशी जेवणवेळेलाच उघडले.

पुढच्या जलपौर्णिमेला त्या विणीतला एक मासा आला. त्याच्या टिळ्याभोवती सोन्याची कड होती. राणीनं असा मासा जन्मात पाहिला नव्हता. तिच्या छातीत तेच जुनं काहीतरी खुपलं, पहिल्याइतकंच. राजा जवळ सरकून हळूच म्हणाला, "आता तरी मत्सर गेला ना?"

"कसला जातोय!" राणी म्हणाली. "आणि हो, याचे कल्ले जरा मोठेच आहेत."

पयोष्णीनं ऐकलं. "मोठेच आहेत, आई. पुढच्या विणीत कमी करीन."

"बघू कसं करतेस ते."

मग मानकरी घागर उचलायला पुढे आले. उग्रतारेनं त्यांना हातानं थांबवलं. पदर खोचला, लेकीची घागर कमरेवर घेतली आणि दरबाराच्या मधून सिंहासनाकडे चालू लागली. घागर जड होती, पाणी हिंदकळत होतं, आणि राणीचं वय झालं होतं. दोघं-तिघं हात द्यायला आले. तिनं कुणालाही हात लावू दिला नाही.

गढूळ होतं ते निवळलं, गोष्ट तळाला बसली. ऐकणाऱ्यांनी आपापले हौद सांभाळावेत.