ठकूबाईचा वाकडा बंधारा

पळसखोऱ्यात येणारा प्रत्येक पाहुणा ओढ्यावरचा हा बंधारा पाहून विचारतो, हा असा वाकडा का? मग दगडावरून हात फिरवत, आवाज खाली आणून विचारतो, इथे कोणाला पुरलं आहे? कोणालाही पुरलेलं नाही. सांगून सांगून माझा घसा बसला, तरी पुन्हा सांगतो. बसा.

फार पूर्वी, असे सांगतात, इथे सरळ बंधारा होता. म्हणजे उन्हाळ्यात असायचा. पावसाळ्यात पूर यायचा आणि तो घेऊन जायचा. मग गाव देवऋष्याकडे जायचं. एका साली त्याने कोंबडं सांगितलं, पुढच्या साली बोकड, मग रेडा. नवस मोठा होत गेला आणि बंधारा त्याच जागी, तसाच सरळ बांधला जात राहिला. शेवटी देवऋषी म्हणाला, ओढ्याला पाटलाची थोरली सून हवी.

सुनेचं नाव ठकू. तिला कोणी विचारलं नाही. सासरे राणोजी पाटील रडले म्हणे, पण हो म्हणाले. घरात रडारड सुरू झाली तेव्हा ठकूच वैतागली. म्हणाली, "मामंजी, दर साली तुम्ही नवस बदलला. एकदा बंधारा बदलून बघा. नाहीच टिकला तर मी कुठं पळून जाणार आहे?"

पाटलांनी एका पावसाळ्याची मुदत दिली.

ठकू घरामागच्या पाटात चिखलाचे, खड्यांचे वीतभर उंच बंधारे बांधू लागली. बांधायची, वरून पाणी सोडायची आणि कुठून फुटतो ते बघत बसायची. मधोमध फुटला, म्हणून पुढचा तिथे जाड केला. तो कडेने फुटला. मग येणाऱ्या पाण्याकडे पोट काढून वाकडा बांधला. तो टिकला, पण पाणी वरून पडून पाया उकरू लागलं, म्हणून एका अंगाला पाण्याला वाट ठेवली. पाटलाची सून चिखलात खेळते म्हणून गाव हसलं. जीव तिचा जाणार होता आणि हसत होतं गाव, याचा मला अजून राग येतो.

तिने सांगितलं तसा गावाने ओढ्यावर मोठा बंधारा बांधला. पूर आला आणि डावा अर्धा घेऊन गेला.

देवऋषी हळदकुंकू घेऊन दारात हजर झाला. सासऱ्यांनी मान खाली घातली. ठकू म्हणाली, "गेल्या साली सगळा गेला होता, औंदा अर्धा राहिला. अर्ध्या बंधाऱ्यापायी अर्धीच सून पुरता येते का बघा. नाहीतर फावडी घ्या. कुठून फुटला ते मी बघून आलेय."

पहिलं फावडं राणोजी पाटलांनीच उचललं. पुढच्या साली एक कोपरा गेला. त्याच्या पुढच्या साली काहीच गेलं नाही.

ठकूबाई म्हातारी होऊन, नातवंडांवर ओरडत, आपल्या अंथरुणात गेली. हा शेवट पाहुण्यांना आवडत नाही. त्यांना बाई पुरलेलीच हवी असते.

तेव्हापासून मृगाच्या आधी गावच्या सुना पाटात एक छोटा बंधारा बांधतात. मोठा जिथे झिजला असेल तिथे छोटाही बारीक ठेवायचा, पाणी सोडायचं, आणि तो फुटेल ती जागा मोठ्यावर आधी दुरुस्त करायची, अशी रीत.

आजही मृगाच्या आधी सगळं गाव पाटावर जमतं. फक्त दर वर्षी छोटा बंधारा फुटतो, पाहुण्यांसमोर बरं दिसत नाही, म्हणून यंदा गावाने तो सिमेंटचा करून घेतला. परवा त्यावर पाणी सोडलं, फुलं वाहिली, टाळ्या वाजवल्या. तो कुठूनच फुटला नाही. मोठा कुठे दुरुस्त करायचा ते त्यामुळे कोणाला कळलं नाही, आणि सगळे समाधानाने घरी गेले.