न मोडता चाखलेली भाकरी

राजा रणधवलाने सकाळीच हुकूम सोडला. उद्या दुपारी आपल्या ताटात टम्म फुगलेली भाकरी आली पाहिजे. नाही आली, तर मुख्य आचारी कोंडाजीने घरच्यांना घेऊन राज्य सोडावं.

झालं होतं असं. शिकारीत वाट चुकून राजा एका धनगराच्या पालावर पोचला. धनगरणीने तव्यावरची बाजरीची भाकरी निखाऱ्यांना टेकवून उभी केली आणि फुगली तशी त्याच्या हातावर ठेवली. राजाने बोटाने पापुद्रा फोडला. भस्सकन वाफ आली, आणि त्या वासाने तो आपण राजा आहोत हेही विसरला. महालात परतल्यावर ताटातल्या भाकरीकडे बघून त्याने विचारलं, "ही अशी चपटी का?"

का, ते अख्ख्या महालाला ठाऊक होतं. छतावरची चित्रं धुराने काळी पडतील म्हणून महालात चुलीला मनाई होती, त्यामुळे मुदपाकखाना पार चार चौक पलीकडे. त्यात वाटेत बसलेला मल्हारजी. राजाच्या आजोबांना कुणीतरी जेवणातून विष घातलं होतं, तेव्हापासूनची रीत अशी, की राजाचं सगळं अन्न आधी एका माणसाने चाखायचं. हल्ली ते काम मल्हारजीकडे होतं. त्याने चाखल्यावर घटकाभर थांबायचं, आणि तो धडधाकट राहिला तरच ताट पुढे जायचं. शिकारीच्या दिवशी मल्हारजी मागे राहिला होता, म्हणून राजाला गरम घास मिळाला.

कोंडाजीने दिवसभर खटपट केली. चपळ गडी पळवले, तर भाकरी दुसऱ्या चौकातच बसली. पितळी वाडग्याखाली झाकून नेली, तर तिला घाम सुटला. एक कशीबशी फुगलेली पोचली, तर मल्हारजीने तिचा तुकडा मोडला. फुस्स.

"मल्हारजी, न मोडता चाखा की," कोंडाजी काकुळतीला आला.

"मग काय वरून चाटू? मोडल्याशिवाय चाखता येत नाही, चाखल्याशिवाय पुढे जात नाही. नियम म्हणजे नियम."

संध्याकाळी कोंडाजी घरी आला आणि भांडीकुंडी बांधायला लागला. त्याची सून येसू मुदपाकखान्याचं दळण दळायची. तिने सासऱ्याच्या हातातलं गाठोडं काढून घेतलं.

"मामंजी, उद्याचा दिवस तवा माझ्याकडे द्या."

"अगं, या चुलीपुढे माझे केस पांढरे झाले. मला नाही जमलं ते."

"तुम्ही भाकरीला पळवत होता. मी तिला जागेवरच बसवणार आहे."

दुसऱ्या दिवशी जेवणाच्या बऱ्याच आधी येसूने राजाच्या पाटाजवळच शेगडी आणून ठेवली. मल्हारजी धावत आला.

"महालात विस्तव? मनाई आहे!"

"मनाई चुलीला आहे. ही शेगडी. लाल निखारे आहेत, यात धूर कुठे दिसतो का बघा."

मल्हारजीने शेगडीकडे पाहिलं, छताकडे पाहिलं आणि तो बाजूला सरकला. येसूने परातीतलं थोडं पीठ घेतलं, पातेल्यातल्या पाण्याने मळलं, भाकरी थापली, भाजली आणि त्याच्यापुढे ठेवली. वर लोण्याचा गोळा. मल्हारजीने ती मन लावून खाल्ली.

"आता या परातीवरनं आणि पातेल्यावरनं नजर हलवू नका," येसू म्हणाली.

तो राखण करत बसला. घटका उलटली आणि राजा पाटावर येऊन बसला. येसूने त्याच पिठातलं मूठभर पीठ त्याच पाण्याने मळून भाकरी थापली, तव्यावर टाकली, वरून पाण्याचा हात फिरवला, उलटली, निखाऱ्यांना टेकवली. भाकरी टम्म फुगली. राजाने बोट पुढे केलं.

"थांबावं महाराज," मल्हारजी म्हणाला. "ही चाखलेली नाही."

राजाचं बोट तिथेच थबकलं. "पोरी, खरं आहे का हे?"

"चाखलेली आहे महाराज."

"कशी? ही तर अख्खी आहे."

येसू मल्हारजीकडे वळली. "तुम्ही भात कसा चाखता?"

"घासभर घेऊन."

"आणि बाकीची शितं?"

"एकाच पातेल्यातली असतात ती. शितावरून भाताची परीक्षा."

"मग भाकरीने काय घोडं मारलंय? पीठ तेच, पाणी तेच, हात लागला तोही तुमच्या डोळ्यांदेखत. तुमचं शीत तुम्ही मघाशीच खाल्लंत. लोणी लावून."

"मल्हारजी, पोटात काही होतंय?" राजाने विचारलं.

"नाही महाराज."

"मग मधे बोलू नकोस, निवतेय ती." राजाने पापुद्रा फोडला. वाफ थेट मिशीत गेली. पहिली संपायच्या आतच त्याने दुसरी टाकायला सांगितली.

मल्हारजीला मात्र राहवेना. "पण महाराज, दळतानाच पिठात कुणी काही मिसळलं तर? सावकाश चढणारं विष घटकाभरात कळत नाही. जात्यावर नजर कुणाची असते?"

राजाचा घास हातातच राहिला. दाराशी उभ्या कोंडाजीने चौकट घट्ट धरली.

"दळतं कोण?" राजाने विचारलं.

"मीच," येसू म्हणाली. "आणि मल्हारजींचं अगदी बरोबर आहे. जात्याशी विश्वासाचं माणूस हवंच. माझ्यासमोरची जागा रिकामीच असते महाराज, खुंट्याला दुसरा हात मिळाला तर बरंच होईल. आणि तुमच्या जिवाची मल्हारजींइतकी काळजी दुसऱ्या कुणाला आहे? पायलीभर बाजरी असते रोज. उद्या पहाटेपासून यावं त्यांनी."

राजाने मल्हारजीच्या गुबगुबीत हातांकडे पाहिलं. मग त्याला असं हसू फुटलं, की ठसका लागला आणि पाणी प्यावं लागलं. हसता हसताच त्याने मनगटातलं सोन्याचं कडं काढून येसूच्या हातात ठेवलं, कोंडाजीला त्याची चूल कायमची दिली आणि डोळे पुसत म्हणाला,

"मल्हारजी, आज जरा लवकर झोप."