पान नसलेल्याचा अपराध

एकदा एका वृद्ध वैद्यांच्या आश्रमात सोमा नावाचा एक अबोल मनुष्य येऊन राहिला. तो पाठाला बसत नसे, खलबत्त्याला हात लावत नसे. दुपारच्या पंगतीला मात्र न चुकता हजर. हे भार्गवच्या डोळ्यांत सलू लागले. भार्गव वैद्यांचा जुना शिष्य. हिरड्याच्या रोपांचे दोन वाफे त्याने जिवापाड जपले होते. त्याने सोमावर पाळत ठेवली. सोमा पहाटेच कुठेतरी नाहीसा होई आणि चिखलाच्या पायांनी परते. विचारले तर नुसता हसे. जो सांगत नाही तो लपवतो, अशी भार्गवची खात्री होत गेली.

त्यातच एका सकाळी रोपांच्या बुडाशी अळंबीच्या पांढऱ्या छत्र्या उगवलेल्या दिसल्या. भार्गव तडक गुरूंकडे गेला.

"गुरुजी, आपल्याकडे दोन चोर शिरले आहेत. एक वाफ्यात, एक पंगतीत. दोघेही आयते खातात."

वैद्यांनी काहीच चौकशी केली नाही. त्याच दिवशी सोमाला त्याच्या गावी पाठवून दिले. मग एका वाफ्यातील रोपे उपटवली, मुळांवरचे अळंबीचे पांढरे तंतू धुवून काढायला लावले आणि ती, अळंबीचा अंशही उरू नये म्हणून, भाजलेल्या मातीत पुन्हा लावायला सांगितली. दुसऱ्या वाफ्यातील रोपेही उपटवली, पण तंतूंसकट होती तशीच परत लावली. गुरूंनी आपले इतक्या सहज ऐकावे, याचाच भार्गवला संशय आला.

दोन महिन्यांत धुतलेली रोपे पिवळी पडून खुरटली. शेजारची टवटवीत होती. पाणी दोन्हीकडे सारखेच, आणि सारखेच थोडे. कारण बागेतल्या पाटाची धार दिवसेंदिवस बारीक होत चालली होती. कुणी विष घातले की काय, म्हणून भार्गवने माती हुंगूनसुद्धा पाहिली.

वैद्य वाफ्यापाशी बसले. म्हणाले, "झाड आणि अळंबी, दोन्ही मातीतून वर येतात, एका जागी उभी राहतात, म्हणून आपण त्यांना एकाच मापाने मोजतो. झाड पानांत उन्हावर आपले अन्न करते. अळंबीला पान नाही. ती दुसऱ्याने केलेले खाते, हे तुझे निरीक्षण खरे. पण जिथे मूळ पोचत नाही तिथून तिचे तंतू पाणी आणि क्षार आणून देतात, आणि झाड तिला आपल्यातला गोडवा देते. काही बुरश्या जिवंत झाड पोखरतात, हेही खरेच. म्हणून संशयात पाप नाही. उकरून न पाहता निवाडा करण्यात आहे. आणि भार्गव, ऊन पिऊन तूही जगत नाहीस."

भार्गवने मान खाली घातली. मग सोमाला का पाठवून दिलेत, असे त्याने हळूच विचारले.

"मी सांगितले असते तर तू ऐकले असतेस. तुला पटले नसते."

दुसऱ्या दिवशी भार्गव सोमाच्या गावी गेला. सोमा अंगणात टोपली विणत होता. भार्गवने क्षमा मागितली. सोमाने टोपली बाजूला ठेवली. मग म्हणाला, "पाटाचं पाणी कमी झालं असंल. वर झऱ्याच्या तोंडाशी पानं साचून कुजत्यात. रोज पहाटं काढावी लागत्यात."

सोमा उठला, त्याने पायांत वहाणा सरकवल्या. आश्रमाकडे न जाता दोघे आधी झऱ्याच्या वाटेला लागले.