बंदराचं बारसं

समुद्राकाठी एक चिमुकलं राज्य होतं बघा. इंग्रज तिथून नुकताच गेला होता, पण त्याचा रुबाब काही केल्या जाईना. राणी द्वारकाबाईंनी नवं बंदर बांधायचं काढलं, तर विलायतेचा वकील डॉब्सनसाहेब लगोलग दरबारात हजर. म्हातारा, गुलाबी गालांचा. राणीला त्याने परकरात पाहिलेलं, त्यामुळे तिलाही त्याची माया होती.

"या बंदरात कुणाची जहाजं घ्यायची, ते आम्ही ठरवणार," मिशीवर बोट फिरवत साहेब म्हणाला. "नाहीतर आमचं एक जहाज इकडे फिरकणार नाही."

दरबाराला पेच पडला. हो म्हणावं तर बंदर परक्याचं होणार, नाही म्हणावं तर राज्यात पिकणारं मीठ विकत घेऊन जहाजांतून नेणार कोण?

राणी हसली. "साहेब, तुम्ही तर आमची आत्याबाई! आमच्याकडे बारशाला पहिला मान आत्याचा. बसायला चांदीचा पाट, नेसायला भरजरी लुगडं, आणि बाळाच्या कानात कुर्र करायचं तेही तिनंच. फक्त घराच्या किल्ल्या तेवढ्या वहिनीच्या कमरेला."

"आणि आत्या रुसून आलीच नाही तर?"

"दोनदा बोलावणं धाडतो. तरी नाही आली, तर बाळ काही बिननावाचं राहत नाही. शेजारीण येऊन कुर्र करते. अमेरिका आणि रशिया, दोघी शेजारणी नटूनथटून दारात उभ्याच आहेत."

साहेब पोट धरून हसला. "मग लुगडं कुठल्या रंगाचं देताय, तेवढं सांगा! बारशाला पहिलं जहाज आमचंच येईल."