शिव्यांचा धोंडा

"त्या धोंड्यावर टेकू नका, पाहुणे. टेकलात तर माशांना शिव्या द्याव्या लागतील, आणि तुम्हा शहरातल्या लोकांना त्या मनापासून येत नाहीत," इथे मध काढणारे आवजीबाबा म्हणतात. धोंडा काळा, बसून बसून गुळगुळीत झालेला. वर कड्याला आग्या माशांची सात पोळी लोंबताहेत.

फार मागे इथे धावजी म्हणे दोर सोडून मध काढायचा. वणवा आला की कड्याखालचं गवत विझवायला हाच धावायचा, आणि माशा चावायच्या त्यालाच! कधी डोळा बंद, कधी ओठ सुजून भाकरी तोंडात जाईना. "ज्याचं करावं भलं, तो म्हणतो माझंच खरं!" हा त्याचा रोजचा त्रागा. बायको ठकाबाई म्हणायची, "घरात घुसून पोरंबाळं नेणाऱ्याला कुणी ओवाळतं का?"

एका चैत्रात माशी कानात शिरली आणि धावजीचं डोकंच फिरलं. पेटती चूड घेऊन तो उतरला आणि सातही पोळी जाळली. वाचल्या त्या माशा रान सोडून गेल्या. "सुटलो बाबा एकदाचा!" धावजी म्हणाला.

त्या साली उतारावर तेलाची खुरासणी पिवळीधमक फुलली, पण फुलावर एक माशी बसली नाही. काढणीला गोंडे चोळले, तर आत नुसता भुसा. घाण्याला तेल नाही, पेरायला बी नाही. गावानं धावजीशी बोलणं टाकलं. ठकाबाईनं बियाण्याचं रिकामं गाडगं त्याच्यापुढे आदळलं. "घालवल्यात ना? आता आणा."

माशा आल्याशिवाय अन्न घेणार नाही, असा पण करून धावजी या धोंड्यावर बसला. दोन दिवस हात जोडले, गूळ ठेवला. एक फिरकली नाही. तिसऱ्या दिवशी त्याचं टाळकं पुन्हा सरकलं. "या की गं भवान्यांनो! चुकलो म्हटलं ना? किती ती मिजास! जन्मभर चावलात, आता चावायलाही येववत नाही होय?" ओरडता ओरडता तो रडायलाच लागला. तेव्हा कुठूनशी एक माशी आली आणि त्याच्या ओठाला कडकडून चावली. धावजीनं हात उचलला नाही. तिच्यामागून सगळं मोहोळ आलं, असं सांगतात. ठकाबाईनं माहेराहून मागून आणलेलं बी पुढच्या साली दाण्यानं भरलं.

आजही मध काढणारा आधी इथे बसून माशांना पोटभर शिव्या देतो. एक चावली की "आलीस बाई" म्हणून हात जोडायचे, मगच दोर सोडायचा. नाही चावली, तर रिकामं गाडगं घेऊन घरी.

मागल्या साली आवजीबाबा तीन दिवस ओरडले. घसा बसला, पण कुणी चावलं नाही. घरात कुणाला जेवण गेलं नाही. चौथ्या दिवशी ते गालावर टेंगूळ घेऊन दारात आले, तेव्हा सुनेनं लगेच पुरण शिजत घातलं.